रोमच्या खाणीतलं गाऱ्हाणं

ज्या माणसावर मी आयुष्याची पाच वर्षं घालवली, तो मला पहिल्या आठवड्यापासून आवडत नव्हता. इटलीतला दिग्दर्शक. मी जन्माला येण्याच्या कितीतरी आधी मेलेला, त्यामुळे समोरासमोर भांडायची सोय नव्हती. पन्नास-साठच्या दशकांत त्यानं एवढे सिनेमे काढले की त्याला स्वतःलाही ते मोजता आले नसावेत. सुरुवात रडक्या विधवांपासून केली. विधवा चालेनाशा झाल्या तेव्हा तेल चोपडलेले पैलवान आणले, पैलवान थकल्यावर चाचे, मग भुतं, मग घोड्यावरचे बंदूकवाले. धंदा बदलला की हा नावही बदलायचा, आणि प्रत्येक नाव अमेरिकन. स्वतःच्या आईलासुद्धा पडद्यावर आपला मुलगा कोणता ते ओळखता येत नसे.

रोमबाहेर दगडाची एक खाण होती. ती खाण म्हणजे याचं सगळं जग. ती कधी नरक असे, कधी इजिप्त, एकदा चंद्र. त्याच्याकडे घोडाही एकच होता. त्याला कधी चुना फासत, कधी काजळ. माझा अंदाज असा की तो घोडा पडद्यावर जितक्या वेळा मेला तितक्या वेळा त्याला प्रत्यक्षात जेवण मिळालं नसेल.

एक गोष्ट मात्र नीट सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. त्या काळी तिकडे चित्रीकरण करताना आवाज घेतच नसत. नट नुसतं तोंड हलवायचे आणि आवाज नंतर स्टुडिओत बसून भरले जायचे, इटालियनसाठी वेगळे, जर्मनसाठी वेगळे. ज्याला जे सुचेल ते त्यानं बोलावं. पुष्कळ जण सरळ आकडे म्हणत. एका सिनेमात नायिका नायकाच्या मांडीवर प्राण सोडते. मी तो प्रसंग इतक्या वेळा पाहिलाय की छातीठोक सांगतो, ती बाई एकवीसपासून चाळीसपर्यंत म्हणते आणि मरते.

या सद्गृहस्थावर पीएचडी करायला पुण्याचा मुलगा हायडेलबर्गला का आला, हा प्रश्न मला बायको जिथं नोकरी करते त्या एश्बॉर्नच्या प्रत्येक गणेशोत्सवात विचारला गेला आहे. उत्तर सोपं. त्याच्या सिनेमांच्या धड प्रती इटलीत उरल्याच नाहीत. उरल्या त्या जर्मन डबिंगच्या, कारण जर्मन माणूस काही फेकत नाही. आणि त्याच्यावर जगातला एकमेव जाडजूड ग्रंथ लिहिणारे प्रोफेसर हायडेलबर्गला होते. तेच माझे गाइड.

प्रोफेसरांच्या मते हा दिग्दर्शक संत होता. घोड्याला चुना फासणं म्हणजे वास्तवावरची टीका. एकच खाण सगळीकडे वापरणं म्हणजे विश्वाची एकात्मता. मी एकदा म्हटलं, ‘हेर प्रोफेसर, दुसरी खाण भाड्यानं महाग पडत असेल.’ त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी जणू त्यांच्या ग्रंथावर चहा सांडला. ‘गेनाऊ,’ म्हणजे अगदी बरोबर, ते म्हणाले, ‘असं वाटतं खरं, वरवर पाहणाऱ्याला.’ वरवर पाहणारा म्हणजे मी. आमचं वैर तिथून सुरू झालं आणि ते दोघांनीही मनापासून जोपासलं. लिफ्टपाशी भेटलो तर एक जण जिन्यानं जायचा.

माझा प्रबंध एकाच प्रश्नाभोवती होता: या माणसाची कारकीर्द एका सिनेमानंतर धाडकन का कोसळली? तो सिनेमा म्हणजे त्याचा ‘हिंदुस्थान’. अर्थात तीच खाण. त्यात पुठ्ठ्याचा हत्ती, मिशीवाले इटालियन राजपुत्र आणि रक्त पिणारी देवी. त्यानंतर भांडवलवाले पळाले, पुढचा सिनेमा अर्ध्यात पडला आणि हा गडी साबणाच्या जाहिराती करत संपला. प्रोफेसरांच्या ग्रंथात याला ‘स्वेच्छेनं स्वीकारलेलं मौन’ असं म्हटलंय. माझं म्हणणं, कुणी तिकीटच काढलं नाही.

त्या सिनेमात एक प्रसंग आहे. देवीपुढे पुजारी सुरा उगारून मंत्र म्हणतो आणि मागे उभे असलेले सहा-सात भक्त मान डोलवत साथ देतात. पुजाऱ्यासकट हे लोक मात्र खरे हिंदुस्थानी होते. बंदरात दुरुस्तीला लागलेल्या बोटीवरचे खलाशी दिवसाच्या मजुरीवर आणलेले, असं प्रोफेसरांच्या ग्रंथातच आहे. जर्मन प्रतीत त्या पुजाऱ्याच्या तोंडी ‘हे रक्ताच्या देवी, आमचा बळी स्वीकार’ असं घातलंय. प्रोफेसरांनी मात्र प्रकरणच्या प्रकरण लिहिलं होतं की मूळ ओठांवर प्राचीन वैदिक ऋचा आहे आणि दिग्दर्शकानं ती अस्सल राहू दिली, हा पूर्वेला केलेला प्रणाम आहे.

आता सिनेमाची प्रत नवी करून दाखवायची होती. प्रोफेसरांनी मला बोलावलं. टेबलावर माझ्या कॉन्ट्रॅक्टच्या मुदतवाढीचा कागद होता, सही व्हायची बाकी.

‘तुम्ही हिंदू आहात,’ ते म्हणाले. ‘ऋचा वैदिक आहे एवढं तुमच्या प्रबंधाच्या चौथ्या प्रकरणात लिहा. मी इथं सही करतो.’

मुदतवाढ मिळाली नाही तर गाइड जाणार, पगार जाणार, आणि पाच वर्षांच्या त्या चोपडलेल्या पैलवानांचं लोणचं घालावं लागणार. मी एक आठवडा मागून घेतला.

त्याच सुमारास सासूबाई आमच्याकडे उन्हाळा घालवायला आल्या होत्या. निवृत्त बँक मॅनेजर. आधी कितीतरी वर्षं कॅशियर, आणि माहेर मालवणकडचं. त्यांना ऐकू जवळजवळ येत नाही. यंत्र आहे, पण ते लावलं की फक्त भांडी ऐकू येतात म्हणून ते ड्रॉवरमध्ये असतं. त्यामुळे त्या ओठ वाचतात. काउंटरच्या काचेपलीकडे गिऱ्हाइकं काय बोलतात ते वाचायची सवय त्यांना तिथंच लागली, आणि गिऱ्हाईक बायकोच्या कानात काय कुजबुजलं तेही त्यांना कळायचं. कर्ज कुणाला द्यायचं नाही हे त्या असंच ठरवत, असं मला वाटतं. मराठी नि इंग्रजी त्या ओठांवरून घडाघडा वाचतात. जर्मन नाही. ‘यांची तोंडं म्हणजे अर्धं ओढलेलं शटर,’ असं त्यांचं मत.

माझ्याबद्दलही त्यांचं मत होतं. ‘अहो जावईबुवा,’ त्या रोज सकाळी चहाबरोबर विचारत, ‘तुमचा तो मेलेला माणूस आज काय करतोय?’ मी म्हणायचो, ‘मेलाय, आई.’ ‘मग त्याच्यासाठी माझी मुलगी का पहाटे गाडी पकडून एश्बॉर्नला राबायला जाते?’ मी उत्तराला तोंड उघडलं की त्या ते माझ्या ओठांवरून अर्ध्यातच तोडत.

एका दुपारी मी लॅपटॉपवर तो पुजारी पुन्हा पुन्हा पाहत होतो, आवाज बंद करून, कारण ती जर्मन ‘रक्ताची देवी’ मला आता झोपेतही ऐकू येत होती. सासूबाई समोर वाटाणे सोलत होत्या. हात थांबले.

‘परत लावा.’

मी लावलं.

‘परत. आणि तुमचं डोकं बाजूला घ्या.’

मग त्या हसल्या. लग्नानंतर मी त्यांना पहिल्यांदा हसताना पाहिलं, आणि सांगतो, ते दृश्य धीट माणसालाही घाबरवणारं होतं.

‘अहो, हा गाऱ्हाणं घालतोय,’ त्या म्हणाल्या. ‘मालवणी आहे मेला.’

कोकणाबाहेरच्यांसाठी सांगतो: तिकडे देवाच्या पुढ्यात एक जण खड्या आवाजात तक्रार आणि मागणं मांडतो आणि प्रत्येक वाक्याला बाकीचे होकार भरतात. सासूबाई पडद्याकडे बघत, माझ्यासाठी थांबत थांबत वाचू लागल्या:

‘बा देवा म्हाराजा, आज ह्या परमुलखात, ह्या दगडाच्या खाणीत आमी तुका गाऱ्हाणा घालतंव.’

पडद्यावरच्या भक्तांनी मान डोलवली. त्यांचे ओठ एकदम मिटले आणि उघडले. मलासुद्धा दिसलं: व्हय म्हाराजा.

‘ह्या टकल्यान आमका सकाळधरना उन्हात उभे केल्यान, पाण्याचो थेंब दिल्यान नाय.’

व्हय म्हाराजा.

‘वर आमच्या तोंडाक बुटाचो रंग लावल्यान.’

व्हय म्हाराजा.

‘तर म्हाराजा, ह्येची गाडी घाटात बंद पडां दे, ह्येच्या घशाक अशीच कोरड पडां दे, आणि ह्येचो फुडलो सिनेमा कुत्र्यान पण बघू नये.’

इथं मागचा एक लुकडा खलाशी हसू दाबायला तोंडावर हात नेतो. प्रोफेसरांच्या ग्रंथात त्या हाताला ‘समाधीचा क्षण’ म्हटलंय, सोबत पानभर फोटो.

सासूबाईंनी वाटाणे परत हातात घेतले. ‘आता कळलं का,’ त्या म्हणाल्या, ‘तुमच्या माणसाचं पुढे वाटोळं का झालं? पाच वर्षं काय शोधताय? गाऱ्हाणं लागलं.’ संध्याकाळी बायको आली, तिनं ऐकलं आणि बूट न काढताच सोफ्यावर बसली. ‘आल्झो, थोडक्यात,’ ती म्हणाली, ‘तुझा प्रबंध आईनं एका वाटीभर वाटाण्यांत संपवला.’

दुसऱ्या दिवशी मी प्रोफेसरांकडे गेलो आणि सगळं सांगितलं. ते शांतपणे चष्मा पुसत राहिले. ‘एका कानानं अधू वृद्धेच्या भरवशावर?’ मी म्हटलं, ‘दोन्ही कानांनी.’ ते म्हणाले, ‘आणा त्यांना. मी तपासतो.’

सासूबाई ठेवणीतली साडी नेसून आल्या, जणू बँकेत ऑडिट आहे. प्रोफेसरांच्या खोलीला कॉरिडॉरच्या बाजूनं पूर्ण काच आहे. ठरलं असं: मी बाहेर काचेपलीकडे उभं राहायचं, दार बंद, प्रोफेसर मला इंग्रजीत एक वाक्य सांगणार, मी ते मराठीत नुसत्या ओठांनी म्हणायचं, आत सासूबाईंनी इंग्रजीत सांगायचं. त्यांनी दाराशी येऊन माझ्या कानात वाक्य टाकलं: आज पाऊस पडेल. मी म्हटलं. सासूबाईंनी सांगितलं. प्रोफेसर दार किलकिलं करून म्हणाले, ‘हायडेलबर्गमध्ये हे कुणीही ओळखेल.’

पुढचं वाक्य काय द्यावं याचा ते आत विचार करत बसले. मी बाहेर ताटकळत उभा. काचेआड सासूबाई पदर सारखा करत होत्या, आणि माझं तोंड, देव त्याचं भलं करो, आपोआप पुटपुटू लागलं.

सासूबाईंनी खुर्ची वळवली आणि प्रोफेसरांना स्वच्छ इंग्रजीत सांगितलं. आवाज त्यांना स्वतःला ऐकू येत नसल्यामुळे तो काचेबाहेर, जिन्यात आणि बहुधा नेकार नदीच्या पलीकडेही पोचला: ‘तो म्हणतोय, म्हातारी आता सगळ्याचा विचका करणार. आणि म्हणतोय, हिचा गुडघा फक्त कपडे वाळत घालायच्या वेळेला दुखतो.’

प्रोफेसरांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलं. मी चुना फासलेल्या घोड्यासारखा पांढरा झालो असणार. त्यांनी दार उघडलं.

‘हे तुम्ही म्हणालात?’

‘या,’ मी म्हटलं. जर्मनमध्ये ‘हो’ म्हणायला तेवढाच शब्द निघाला.

‘गुडघ्याचं आपण घरी बोलू,’ सासूबाई म्हणाल्या.

वाटलं, जिंकलो. प्रोफेसर खिडकीशी गेले. वळले तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर जे तेज होतं ते मी विसरणार नाही. चोराला दुसरी तिजोरी सापडल्यावर येतं तसं.

‘त्याला माहीत होतं,’ ते म्हणाले.

‘काय माहीत होतं?’

‘की ते त्याला शाप देतायत. तरी त्यानं ते ठेवलं. कल्पना करा. स्वतःच्या चित्रपटात स्वतःवरचा खटला. त्याच्या कारकिर्दीचं शिखर हेच. आणि नंतरचं मौन म्हणजे त्यानं स्वतःला दिलेली शिक्षा.’

‘हेर प्रोफेसर, त्याला मालवणी येत होती?’

‘त्याला माणसं कळत होती.’

‘त्याला फिल्मचा दुसरा डबा परवडत नव्हता. लेन्सवर कावळा बसला असता तरी त्यानं तो ठेवला असता. आणि माणसं कळत होती तर पाणी का नाही दिलं?’

‘वरवर पाहू नका,’ ते म्हणाले आणि मुदतवाढीचा कागद माझ्याकडे सरकवला. पेनाचं टोपण काढलेलं होतं. ‘चौथं प्रकरण असं लिहा. दिग्दर्शकानं जाणीवपूर्वक वंचितांना आवाज दिला. शोधाचं श्रेय आपल्या दोघांचं. आजच सही करतो.’

सासूबाई आमचं जर्मन बघत होत्या, वाचता येत नव्हतं म्हणून चिडून. ‘काय म्हणतोय तो?’ त्यांनी मराठीत विचारलं. मी सांगितलं, जसंच्या तसं. एकदाचं माझ्याकडून काही जसंच्या तसं निघालं ते तेवढंच.

त्या उठल्या. ‘हे बघा,’ त्या म्हणाल्या, ‘तुमच्या नोकरीपायी पुण्यात माझी शोभा झालीय ती झालीय. मला सवय आहे. पण ही माझ्या माहेरची माणसं. उन्हात त्यांनी उभं राहायचं, शिव्या त्यांनी घालायच्या, आणि मोठेपणा तुमच्या त्या मेलेल्या टकल्याला? लिहा तुम्हाला काय लिहायचंय ते, पण मग माझ्या हातचं माशाचं सार तुमच्या ताटात पडणार नाही.’

माशाच्या सारामुळे मी निर्णय घेतला असं घरी सांगितलं जातं. जाऊ द्या. मी घरी जाऊन चौथं प्रकरण लिहिलं: हे गाऱ्हाणं आहे, ते खलाशांनी आपल्या अकलेनं घातलं, दिग्दर्शकाला ते कळलं नाही आणि कळलं असतं तरी पाणी मिळालं नसतं. प्रोफेसरांना पाठवलं. त्यांनी दोन ओळींत कळवलं की अशा वैयक्तिक आकसाला विद्यापीठात जागा नाही. आकस होता, ते खरंय. पण पाच वर्षं मरमरून मिळवलेला आकस होता, उसना आणलेला नव्हता.

सही झाली नाही. सेमिस्टर संपलं, किल्ली परत द्यावी लागली. आता मीही सकाळी बायकोबरोबर एश्बॉर्नची गाडी पकडतो, एका कंपनीत सॉफ्टवेअर तपासतो, आणि चूक सापडली की कुणी तिला जाणीवपूर्वक म्हणत नाही.

सिनेमाचा खेळ शरद ऋतूत लागला, नगरपालिकेच्या छोट्या थिएटरात. सासूबाईंनी त्यासाठी मुक्काम वाढवला होता; आम्ही तिघं तिकिटं काढून गेलो. मी मागे बसू म्हणत होतो, पण सासूबाईंना पडदा जवळून हवा होता. प्रोफेसरांनी प्रास्ताविक केलं. तिसऱ्या वाक्यात म्हणाले, या महान कलावंतानं मूकांच्या हाती माइक दिला. अख्ख्या खाणीत माइकच नव्हता, हे त्या खोलीत माझ्याइतकंच त्यांनाही माहीत होतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. प्रोफेसर पहिल्या रांगेत, आमच्यापासून चार खुर्च्यांवर बसले. नमस्कार झाला नाही.

पुठ्ठ्याचा हत्ती आला, गेला. मिशीवाले राजपुत्र लढले. मग खाणीत तो पुजारी उभा राहिला, सुरा वर गेला, आणि स्पीकरमधून तो गुळगुळीत जर्मन आवाज आला: हे रक्ताच्या देवी.

‘बा देवा म्हाराजा,’ सासूबाई म्हणाल्या.

त्यांना वाटलं असेल, आपण हळू म्हणतोय. छताचं प्लास्टर पडलं नाही एवढंच. त्या त्याच्या ओठांबरोबर चालल्या होत्या, अक्षराला अक्षर, आणि त्यांचा आवाज त्या तोंडात असा चपखल बसला की जर्मन देवी कुठल्याकुठे वाहून गेली. सकाळधरना उन्हात. पाण्याचो थेंब. इतकी वर्षं मी त्या माणसाला पाहत होतो आणि तो पहिल्यांदाच बोलत होता.

‘व्हय म्हाराजा,’ माझ्या शेजारून बायको म्हणाली.

पुढच्या वाक्याला मीही म्हटलं. मागून कुणीतरी ‘श्श’ केलं. प्रोफेसर अर्धे उठले, पुन्हा बसले. बुटाच्या रंगाची ओळ आली, गाडीची आली, घशाची आली, आणि शेवटच्या ‘व्हय म्हाराजा’ला मागच्या रांगेतून, शपथेवर सांगतो, कुणीतरी अनोळखी आवाजात साथ दिली. बायको म्हणते तो खोकला होता.

थिएटरचा माणूस टॉर्च घेऊन आला. तो सासूबाईंपुढे वाकला आणि अतिशय सभ्य जर्मनमध्ये म्हणाला, की बाईंनी कृपया सभागृह सोडावं. सासूबाईंनी त्याच्या तोंडाकडे पाहिलं, डोळे बारीक केले, काही हाती लागेना. मग माझ्याकडे वळल्या.

‘काय म्हणतोय?’

‘बसा म्हणतोय, आई,’ मी म्हटलं. ‘आरामात बसा.’

त्यांनी त्याला मान डोलावून आभार मानले आणि पर्स मांडीवर ठेवून नीट मागे टेकून बसल्या.